रिकाम्या गुऱ्हाळाची फिल्म

वाचकाचं पत्र

ताई, नमस्कार. मी करवीर तालुक्यातल्या पंचगंगेकाठच्या एका गावची. मास कम्युनिकेशन शिकले, सध्या कोल्हापुरात लग्नाचे व्हिडिओ एडिट करते. आमचं गुऱ्हाळ होतं आणि आबा, म्हणजे माझे आजोबा, स्वतः गुळव्या, रस उकळून गूळ करणारे. 2019 च्या महापुरात शेडमध्ये पाणी शिरलं, घाणा गाळात गेला. दुरुस्त करून कसाबसा हंगाम काढला, पण 2021 ला पुन्हा पाणी आलं आणि गुऱ्हाळ बंदच झालं. घाणा भंगारात गेला. शेड, चुलवाण (रस उकळायची मोठी चूल), धुराडं आहे तसं आहे. दिवाळी झाली की काका ते पाडून तिथं गाळे बांधणार आहेत.

मला याच्यावर डॉक्युमेंटरी करायची आहे. सुट्टीला घरी जाईन तेव्हा शूट करते. पण शेड रिकामं, तिथं काही घडतच नाही. आबांना खुर्चीत बसवून माइक लावला तर "पूर्वी लई चांगलं हुतं, आता काय ऱ्हायलं न्हाई" एवढं बोलतात आणि गप्प होतात. बरोबर काम करणारा मित्र म्हणतो, ड्रोन उडव, हलगी टाक, दुसऱ्या चालू गुऱ्हाळाचे शॉट घे आणि ते ब्लॅक अँड व्हाइट कर, कुणाच्या तरी भारदस्त आवाजात निवेदन घे. नाहीतर कोण बघणार? काका म्हणतात, घरचं गावापुढं कशाला मांडतीस? पुरातून वाचलेली गुऱ्हाळाची एक वही तेवढी माझ्याकडं आहे. काय करू?

— गुळव्याची नात

उत्तर

गुळव्याच्या नातीस,

आधी मित्राच्या सल्ल्याचं बघू, ते लवकर आटपेल. ड्रोन नको. वरून बघितलं की तुमचं शेड म्हणजे उसाच्या हिरव्या पट्ट्यातला एक गंजका पत्रा, आणि आबांनी ते आयुष्यात कधी वरून बघितलेलं नाही. हलगी कुस्तीच्या मैदानात आणि मिरवणुकीत ऐकावी. गुऱ्हाळावर आवाज असायचा तो इंजिनाचा आणि जाळाचा. ब्लॅक अँड व्हाइट तर अजिबात नको. ज्या मालाचा भाव सौद्यात, म्हणजे लिलावात, त्याच्या रंगावर ठरतो, त्याचाच रंग काढून घ्यायचा? आणि ही फिल्म कोल्हापूरची आहे हे कळावं म्हणून अंबाबाईचं शिखर, रंकाळ्यावरचा सूर्यास्त, लाल मातीतले पैलवान यांतलं काहीही जोडू नकोस. तुझ्या आबांच्या पहिल्या वाक्यातच कोल्हापूर ऐकू येतं.

मित्राच्या मनात खोट नाही. फिल्म लोकांनी बघावी असंच त्याला वाटतं. पण त्यानं सुचवलेल्या सगळ्या उपायांच्या मागं एकच भीती आहे, की ही जागा आणि हा माणूस असे नुसते दाखवले तर पुरणार नाहीत. मला उलट वाटतं. तू त्यांच्याजवळ अजून पुरेशी थांबलेली नाहीस. मला सांगायचंय ते एवढंच आहे, बाकीचं सगळं त्याचा तपशील.

जागेपासून सुरू करू. तू 'रिकामं' लिहिलंस, आणि त्याच पत्रात चुलवाण आणि धुराडं आहे असंही लिहिलंस. म्हणजे जाळ घालायचं तोंड आहे, आतली माती भाजून विटेसारखी झालेली आहे. काईल, म्हणजे रसाची मोठी कढई, जिथं टेकायची त्या कडेला गोलाकार झीज असेल. वाफ्याच्या जागी, जिथं गरम गूळ निवायला ओतायचे, जमीन वेगळी दिसत असेल, गुळगुळीत, काळपट. आढ्याला काजळी असेल आणि ती सगळीकडं सारखी नसेल. धूर कुठून वळायचा ते तिच्यावरून कळतं. आणि भिंतीवर पुराच्या रेघा असतील. चुन्याच्या भिंतीवर पाणी किती काळ उभं होतं ते दिसतं: वरची रेघ पुसट, खाली गाळाचे थर. 2019 ची रेघ कुठली आणि 2021 ची कुठली, हे तू पाटी लावून सांगू नकोस. आबांना भिंतीजवळ ने आणि विचार. ते हात लावून दाखवतील. तो हात आणि ती भिंत एका फ्रेममध्ये असू देत.

पुढच्या सुट्टीत एक दिवस कॅमेरा बॅगेतून काढूच नकोस. सकाळी जा, दुपारी जा, दिवेलागणीला जा. पत्र्याला खिळ्यांची भोकं असतात, त्यांतून उन्हाचे कवडसे पडतात आणि दिवसभर जमिनीवरून सरकत राहतात. कवडसा चुलवाणाच्या तोंडावर किती वाजता येतो ते बघून ठेव. मग ट्रायपॉड लाव. दोन किंवा तीन जागा ठरव आणि दर वेळी तिथूनच घे, त्याच उंचीवर, त्याच लेन्सनं. जागेला ओळख येते ती अशी पुन्हा पुन्हा बघितल्यानं. शॉट किती लांब ठेवायचा, तर आता काही होणार नाही असं वाटून बटणाकडं हात जाईल तेव्हा थांबवू नकोस. बहुतेक वेळा त्याच्यानंतरच एखादं कुत्रं आत येऊन चुलवाणाच्या राखेत बसतं, नाहीतर कुणी बाई वाटेनं जाताजाता आत डोकावते आणि 'अजून पाडलं न्हाई व्हय?' विचारते.

इथं तुझी रोजची सवय आडवी येईल, म्हणून बोलते. लग्नाच्या व्हिडिओत तीन सेकंदांत शॉट बदलायचा, गाण्याच्या ठेक्यावर कापायचं, रडणाऱ्या चेहऱ्यावर स्लो मोशन टाकायची. ते त्या कामाला योग्य आहे, आणि गर्दीत नेमका चेहरा पकडायची तुझी नजर त्यातूनच तयार झाली असणार. ती नजर ठेव. ठेका मात्र या फिल्मपुरता बाजूला ठेव. टाइमलाइनवर संगीताचा ट्रॅक सुरुवातीपासून घेऊच नकोस. तो असला की हात आपोआप ठेक्यावर कापायला लागतो.

आता आवाज. मित्राच्या यादीत हलगी आहे, पण तुमच्या शेडवरून खरोखर काय ऐकू येतं हे कुणीच विचारलेलं नाही. हंगाम सुरू झाला की तुमच्या रस्त्यावरून उसाचे ट्रॅक्टर जातात, मागं दोन-दोन ट्रॉल्या, डेकवर मोठ्यानं लावलेली गाणी, आणि तो ऊस जातो साखर कारखान्याला. बंद गुऱ्हाळात कॅमेरा लाव, दारातून रस्ता दिसेल असा. गाणं लांबून येईल, मोठं होईल, दारात ऊस भरून वाहील आणि गाणं निघून जाईल. गुऱ्हाळं का बंद पडली याचं अर्धं उत्तर या एका शॉटमध्ये आहे. कारखान्याला घातलेल्या उसाला सरकारनं ठरवून दिलेला किमान दर असतो. गुळाचा भाव त्या त्या दिवशीच्या सौद्यात निघतो. त्यात गुऱ्हाळावर राबायला माणसं मिळेनात, आणि वरून पूर. हे सांगायला निवेदक लागत नाही. लागलीच तर दोन ओळींची पाटी पुरते. शाहूपुरीची पेठ शाहू महाराजांनी 1895 साली वसवली, तिथं गुळाचा व्यापार वाढला, 2014 साली कोल्हापुरी गुळाला भौगोलिक मानांकन मिळालं, हेही खरं आणि मोलाचं आहे, पण ते पाटीतच बसव. आबांच्या चेहऱ्यावर ही माहिती बोलू नकोस.

घरातलाही एक आवाज आहे. पावसाळ्यात तुमच्या घरात पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याची पातळी दिवसातून कितीदा विचारली जाते? 39 फुटांवर इशारा, 43 फुटांवर धोका, हे आकडे नदीकाठच्या पोराटोरांनाही पाठ असतात. 'किती झालं?' 'छत्तीस.' 'राधानगरी धरणाचं दार उघडलं काय?' हे बोलणं तू रेकॉर्ड केलंयस का? नसेल तर येत्या पावसाळ्यात कर. पुराची आठवण घरात कशी राहते हे त्या विचारपुशीत जेवढं कळतं तेवढं पुराच्या जुन्या क्लिपांत कळत नाही. त्या क्लिपा सगळ्यांनी मोबाइलवर बघितलेल्या आहेत.

आबांची गोष्ट सगळ्यांत महत्त्वाची, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

खुर्चीत बसवून माइक लावला की माणूस मुलाखत देतो. आबांनी आयुष्यभर उभ्यानं काम केलं, तोंडासमोर वाफ, हातात झाऱ्या. खुर्चीत बसून ते आठवणार कसं? क्लोद लान्झमन या फ्रेंच दिग्दर्शकानं नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावर 'शोआ' ही नऊ तासांहून मोठी फिल्म केली, 1985 सालची. त्यात जुनं फुटेज अजिबात नाही. माणसं आहेत, आणि आज गवत उगवलेल्या त्या जागा आहेत. त्यात एक न्हावी आहे. छळछावणीत मारायला नेलेल्या बायकांचे केस कापायचं काम त्याच्यावर लादलं होतं. लान्झमननं त्याच्यासाठी एक केस कापायचं दुकान भाड्यानं घेतलं आणि हातात कात्री देऊन, गिऱ्हाइकाचे केस कापताकापता त्याला बोलतं केलं. हाताला जुनं काम मिळालं आणि त्याबरोबर आठवण आली. तुझा विषय आणि तो विषय यांची तुलना मी करत नाही, करूही नये. पण पद्धत शिकण्यासारखी आहे. त्याच प्रसंगात तो माणूस कोसळतो, बोलू शकत नाही, तरी दिग्दर्शक त्याला पुढं बोलायला लावतो. इतिहासासाठी साक्ष नोंदवायची होती, म्हणून त्यानं ते केलं. तू ते करायचं नाहीस. आबा थांबले की तूही थांब.

तर आबांना चालू गुऱ्हाळावर ने. मित्रानं सांगितलेल्या चालू गुऱ्हाळापेक्षा हे वेगळं आहे, नीट बघ. त्याला तिथले शॉट आणून तुमचं गुऱ्हाळ म्हणून दाखवायचे आहेत. तू आबांना पाहुणा म्हणून नेतेयस आणि कॅमेरा आबांवर ठेवतेयस. रस तापेल, भेंडीचं चिकट पाणी पडेल, मळी वर येईल, ती निघेल. हळूहळू बुडबुडे बदलायला लागतील, आधी फेसाळ आणि मग जड. तिथला गुळव्या थंड पाण्यात थोडा पाक सोडून बोटांत गोळी वळते का बघेल. या सगळ्या वेळात तू काईलीकडं वळू नकोस. वाफ आणि उकळीचा आवाज फ्रेमच्या बाहेरून येतील तेवढे पुरेत. तू आबांचे डोळे आणि हात बघ. त्या गुळव्याच्या आधी त्यांना कळेल. कदाचित ते पुढं सरकतील, कदाचित 'उतरा आता' म्हणतील, कदाचित त्यांची बोटं नुसतीच अंगठ्यावर घासतील. हे मिळालं की फिल्मला गाभा मिळाला. नाही मिळालं, आबा नुसतेच बघत बसले, तरी ते बघणं ठेव.

प्रश्न विचारायचेच असतील तर कामाचे विचार. एका आदणाला, म्हणजे एका कढईभर रसाचा गूळ व्हायला, वेळ किती लागायचा? जाळ कमी करा हे इंजिनाच्या आवाजात कसं सांगायचा? ऊस पाणथळ रानातला असला तर गूळ कसा व्हायचा? बिघडलेल्या आदणाचं काय करायचा? 'तुम्हाला कसं वाटतं' हा प्रश्न बाद. 'पूर्वी लई चांगलं हुतं' हे त्याच प्रश्नाचं उत्तर आहे, आणि ते आबांनी तुझ्या समाधानासाठी दिलंय. पूर्वी सगळंच चांगलं नसणार. रात्रभर जाळापुढं, हातापायाला भाजलेलं, भाव पडलेला. कामाचे प्रश्न विचारलेस की तेही येईल, आणि ते यायलाच हवं.

निवेदनाकडं येते. तुझ्याकडं वही आहे हे तू पत्राच्या शेवटी, जाताजाता लिहिलंस. मी ते दोनदा वाचलं. बेल्जियमच्या शांताल अकेरमन या दिग्दर्शिकेनं न्यूयॉर्कच्या रस्त्यांची आणि भुयारी रेल्वेची लांबलांब दृश्यं घेतली आणि त्यांवर आईनं घरून पाठवलेली साधी पत्रं स्वतःच्या सपाट आवाजात वाचली. मध्येच गाडीच्या आवाजात शब्द बुडतात, ती बुडू देते. 1970 च्या दशकातली ही फिल्म आहे. पत्रांत मोठं काहीच नाही. तब्येत, पैसे, पत्र का लिहीत नाहीस. तुझ्या वहीतही मोठं काही नसणार. तारीख, आदणं किती, रवे (गुळाच्या ढेपा) किती, कुणाला उचल, म्हणजे आगाऊ पैसे, किती दिली. तेच वाच. तुझ्याच आवाजात, तुमच्या घरी बोलतात तसंच, प्रमाण मराठीचा इस्त्री केलेला आवाज न लावता. पाण्यानं शाई फुटून अक्षर लागत नसेल तिथं 'लागत नाही' म्हण आणि पुढं जा. फक्त एक पथ्य पाळ: उचल घेतलेल्यांची नावं वाचू नकोस आणि ते पान क्लोजअपमध्ये दाखवू नकोस. त्यांची मुलं-नातवंडं गावातच आहेत, आणि बाकी राहिलेले पैसे हा कुणाच्याही घरचा नाजूक भाग असतो.

कर्ज आणि जमीन हा विषय कोल्हापूरच्या पडद्याला नवा नाही, हे जाताजाता सांगते. कोल्हापूरचेच दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांनी 1925 साली 'सावकारी पाश' केला, सावकारापायी जमीन गमावणाऱ्या शेतकऱ्याची मूकपटातली गोष्ट. त्याआधी या माणसानं कॅमेरा स्वतः घडवला होता. खरी कॉर्नरच्या कॅमेऱ्याच्या स्मारकावरून तू रोज जात असशील. आपल्या कोल्हापूरला सिनेमाचे सेट उभारायची परंपरा मोठी आहे, मला तिचा अभिमान आहे. तुझ्याकडं मात्र न उभारलेली, वापरून झिजलेली जागा आहे.

काकांविषयी. तू त्यांना फिल्मच्या वाटेतला अडथळा समजतेस असं पत्रावरून वाटलं. तसं समजू नकोस. त्यांचं म्हणणं रास्त आहे, घरचं गावापुढं मांडायचं की नाही यात त्यांचाही वाटा आहे. वाटणीचं, पैशाचं काही भांडण असेल तर ते फिल्ममध्ये येणार नाही असं त्यांना आजच सांग आणि पाळ. मग त्यांना विचार, लहानपणी गुऱ्हाळावर त्यांच्याकडं कुठलं काम होतं. वाळलेलं चिपाड आणून द्यायचं, नाहीतर बैलांना हाकायचं, काहीतरी असणारच. जो माणूस ते शेड पाडणार आहे त्याचीही तिथली वर्षं आहेत, आणि त्याला गाळे का हवेत याचं कारण संसाराच्या हिशेबात असतं. तुझ्या फिल्ममध्ये तो खलनायक झाला तर फिल्म खोटी ठरेल.

त्यांच्याकडं एकच गोष्ट माग, थोडी मुदत. दिवाळीच्या पाडव्याला मार्केट यार्डात गूळ सौद्याचा मुहूर्त होतो, गुऱ्हाळंही त्याच सुमाराला पेटू लागतात. आबांना चालू गुऱ्हाळावर न्यायचं आणि तिथून परत आपल्या शेडवर आणायचं, हे दोन्ही पाडण्याआधी व्हायला हवं. महिनाभर थांबा म्हणून विनंती कर. आबांच्या तोंडून आली तर लवकर मान्य होईल.

पाडताना शूट करायचं का? काकांनी हो म्हटलं तर कर, त्याच ठरलेल्या ट्रायपॉडच्या जागेवरून. जेसीबीच्या दातांजवळ कॅमेरा नेऊ नकोस. तो शॉट फिल्मच्या शेवटीच यायला हवा असंही नाही. एडिटला बसलीस की मध्येही ठेवून बघ, त्यानंतर आबा पुन्हा उभ्या शेडमध्ये दिसले तर काय होतं ते बघ. काळ मागंपुढं करायची मुभा एडिटरला आहे, आणि तू एडिटरच आहेस. आबांना त्या दिवशी तिथं आणू नकोस. ते आपणहून आले तर गोष्ट वेगळी, पण तुझ्या शॉटसाठी नको.

कच्ची फिल्म पहिल्यांदा घरी दाखव. भिंतीवर चादर लाव, प्रोजेक्टर स्टुडिओतून मागून आण. आबा, काका, आई, सगळे बसतील. कुणी 'हे नको' म्हटलं तर का ते ऐक आणि तो भाग काढ, कितीही चांगला असला तरी. सुरुवातीला एकदा मिळालेली परवानगी शेवटपर्यंत पुरते असं धरून चालू नकोस; माणसाला स्वतःला पडद्यावर बघितल्यावरच काय दिलं ते कळतं. त्यानंतर गावात दाखव, मग बाहेर पाठव. मुंबईचा मिफ हा महोत्सव माहितीपटांसाठी 1990 पासून भरतोय, आपल्या कोल्हापुरातही चित्रपट महोत्सव होतो. पण प्रवेशिकेची तारीख समोर ठेवून फिल्म कापू नकोस.

लांबी किती, हे तू विचारलं नाहीस, तरी सांगते: आधी सगळं जोडून बघ, दीड तास झाला तरी होऊ दे. मग कमी करत ये. पंचवीस मिनिटांत बसली तर उत्तम, चाळीस झाली तरी चालेल. शॉट छोटे करून लांबी कमी करू नकोस, शॉटच कमी कर.

आणि एक कामाची गोष्ट. फुटेजच्या दोन प्रती दोन हार्ड डिस्कवर हव्यात, आणि त्यातली एक तुमच्या गावात नको. कोल्हापुरात वरच्या मजल्यावर राहणाऱ्या कुणाकडं तरी ठेव. वहीचे फोटो पान न पान काढ, उजेड एका बाजूनं येईल असे, म्हणजे पुसट अक्षरही उठून दिसतं. हे या आठवड्यातच कर. पहिली जोडणी झाली की मला लिंक पाठव, आवाज कच्चा असला तरी चालेल.

— ताई